तिसऱ्या खोलीची सोबतीण

“मी सकाळी तुम्हाला सोडून जाते ती दोन महिन्यांनी परत येते, तुम्हाला मात्र मी संध्याकाळीच भेटते, त्याला मी काय करू?”

हे वाक्य ती एकदा नवऱ्याला म्हणाली होती. तेव्हा तिच्या हातात चहाचा कप होता. नवऱ्याचं अर्धं लक्ष वाक्याकडे होतं आणि अर्धं त्या कपाकडे, कारण तो तिने डाव्या हातात धरला होता. सकाळी घरातून निघण्यापूर्वी तिने उजव्या हाताने चहा घेतला होता. लग्न झाल्यापासून ती उजव्याच हाताने घेत आली होती.

नवरा शिंपी. गल्लीत त्याला सगळे मास्तर म्हणत. दुकान पुढे, घर मागे, मधे एक पडदा. बोटभर फरक त्याच्या नजरेतून सुटत नसे. गिऱ्हाईक दारातून आत आलं की याने कमरेचं माप मनात घेतलेलं असायचं, फीत लावायची ती फक्त गिऱ्हाइकाच्या समाधानासाठी. असल्या नजरेच्या माणसाने साधासुधा संसार करायला हरकत नव्हती. पण त्याची बायको उताराच्या खोलीत कामाला होती, आणि तिथून परत येणारं माणूस गेलेल्या माणसाच्या मापाचं कधीच नसतं.

गावामागच्या टेकडीत पूर्वी दगडाची खाण होती. विसरलेला हातोडा आणायला एक पाथरवट खाणीच्या पोटात गेला आणि चहा निवायच्या आत परतला, तो तीन दिवसांची दाढी घेऊन, भुकेने कळवळत. वाट चुकलो तर मला शोधायला कुणीच कसं आलं नाही, म्हणून तो मुकादमाच्या अंगावर धावून गेला. तेव्हापासून लोकांना कळलं की त्या टेकडीच्या पोटात काळ सरळ चालत नाही, उतारावरून पाणी धावावं तसा धावतो. का धावतो, हे शहाण्यांनी दोनदा सांगितलं आणि दोनदा खोडलं. मग लोकांनी कारण शोधायचं सोडून दिलं आणि उपयोग शोधला. मोडलेल्या हाडाला औषधापेक्षा दिवस लागतात, आणि दिवस तिथे हवे तेवढे होते. टेकडीवर हाडांचा दवाखाना उभा राहिला. तळात चार खोल्या, त्यांना उताराच्या खोल्या म्हणत. तिसऱ्या खोलीचं दार सकाळी दहाला लावत आणि संध्याकाळी सहाला उघडत. तेवढ्या वेळात आत साठ दिवस जात. सकाळी झोळीतून नेलेला माणूस संध्याकाळी चालत घरी येई.

पण बाहेरचं एक मिनिट म्हणजे आतले तीन तास. आतून घंटेची दोरी ओढली आणि डॉक्टर अगदी धावत सुटला तरी तो पोहोचेपर्यंत आत रात्र उलटून जायची. म्हणून रोग्याबरोबर एक माणूस द्यावं लागे. पाण्याची टाकी, स्टोव्ह, कोरडा शिधा, दिव्याचं तेल आणि एक सोबतीण. तिने रोग्याला भरवायचं, पुसायचं, कुशीवर वळवायचं, दाढी करायची, पाय हलवायला लावायचा आणि बोलत राहायचं. साठ दिवस. दोघंच.

तिला हे काम कसं मिळालं, ती गोष्टही तिच्यासारखीच सरळ आहे. ती वरच्या मजल्यावर पट्ट्या गुंडाळायची. जुन्या सोबतिणीने तिला आठवडाभर पाहिलं आणि सांगितलं, “ही पोरगी गप्प बसू शकते आणि गप्प बसल्यावर फुगलेली दिसत नाही. हिला खाली घ्या.” वर्षातून सहा वेळा, त्याहून जास्त नाही, असा नियम होता. म्हणजे गावाच्या एका वर्षात तिची दोन वर्षं होत. लग्नात ती नवऱ्याहून चार वर्षांनी लहान होती. पाच वर्षं काम केल्यावर ती त्याच्याहून एक वर्षाने मोठी झाली. हिशेब साधा होता, पण मास्तरांना तो गिळता येत नव्हता. कानामागे तिचा पहिला पांढरा केस त्यांनी पाहिला, तेव्हा त्यांच्या स्वतःच्या डोक्यात एकही नव्हता.

मास्तरांची आई दुकानातच कोपऱ्यात बसून काज-बटणं करी. म्हातारीची सुई टोकदार आणि जीभ त्याहून टोकदार.

“आमच्या सूनबाई सासरी संध्याकाळपुरत्या येतात,” ती गिऱ्हाइकांना सांगायची. “आत्ताच माझ्या मुलाहून मोठी झाली आहे. अशीच चालली तर एक दिवस माझ्याहून मोठी होईल, मग मीच तिला आई म्हणेन.”

सून पडद्याआडून म्हणायची, “आणि मी तुम्हाला धाकटी म्हणून कामाला लावीन.”

“बघा, बघा! मोठेपण आलंच अंगात.”

हसण्यावारी जायचं सगळं. पण मास्तर हसत नसत. त्यांच्या मनात पाल चुकचुकायला लागली होती, आणि ती पाल एकदा चुकचुकायला लागली की माणसाला दुसरा आवाज ऐकू येत नाही.

तिच्याशी भांडणंही धड होत नसत. एकदा सकाळी मोठ्या कात्रीवरून वाजलं. कात्री तिने कागद कापायला घेतली होती आणि धार गेली होती. दिवसभर मास्तर बोथट कात्रीने कापत होते आणि रागाला धार लावत होते. संध्याकाळी ती दारात पाऊल ठेवते न ठेवते तोच यांनी सुरुवात केली.

“मग? काय म्हणणं आहे तुझं?”

“कशाबद्दल?”

“सकाळी बोललो त्याबद्दल!”

ती उंबऱ्यातच थांबली. आठवण्याचा तिने खरोखरच प्रयत्न केला. “अहो, साठ दिवस झाले. कोण चुकलं होतं, तेवढं सांगा. तसं धरून चालू.”

“तू.”

“बरं. मग मी चुकले. चहा ठेवू?”

दुसरा एखादा नवरा यावर विरघळला असता. मास्तरांना वाटलं, एवढ्या सहज विसरते म्हणजे तिथे विसरायला लावणारं काहीतरी आहे. स्टोव्ह पेटवताना तिने विचारलं, मीठ कुठे ठेवतो आपण? त्यांनी बरणी दाखवली आणि हेही मनात टिपून ठेवलं.

त्याच मोसमात डाव्या हाताचा चहा सुरू झाला. त्याच्याबरोबर एक वाक्यही घरात आलं. दूध उतू गेलं, बाही उलटी लागली, म्हातारीला सुई सापडेना, काहीही झालं की ती म्हणायची, “होतंय की हळूहळू.” तिच्या माहेरी असं कुणी बोलत नसे. गल्लीत कुणी बोलत नसे. मास्तर रात्रंदिवस कान टवकारून होते, हे वाक्य कुणाच्या तोंडचं आहे ते शोधत. दोन महिने एका माणसाबरोबर राहिल्यावर त्याचं काहीतरी अंगाला लागतंच, हे त्यांना कळत नव्हतं असं नाही. त्यांना कळत होतं, हाच तर त्रास होता.

महिन्याभराने एक गिऱ्हाईक आलं. छापखान्यातला जुळारी, शिशाची अक्षरं जुळवून ओळी बांधणारा. पन्नाशीच्या आतला, किडकिडीत. उजव्या हाताची बोटं शाईने काळी.

“तीन पँटी आहेत. तिन्हींचा डावा पाय अर्धा इंच आखूड करायचा.”

“पाय मोडला होता?”

“मोडला होता. सांधला. पण थोडा कमी भरला.”

मास्तर खाली बसून माप घेऊ लागले. गुडघ्याखाली हाडाला एक गाठ लागली, भरून आलेली, नवी. कपड्यावरून खडू फिरवताना ते म्हणाले, “आठवडा तरी लागेल हो. काम साचलंय.”

“असू दे. होतंय की हळूहळू.”

खडू मोडला.

नेमकी तेव्हाच ती पडद्यातून चहा घेऊन आली. तिने दोन कप टेबलावर ठेवले. जुळाऱ्याने नजर खाली घातली, जमिनीवरच्या खडूच्या तुकड्याकडे. तिने भिंतीवरच्या कॅलेंडरकडे पाहिलं आणि ती मागे वळली. पडदा हलून थांबला. जुळाऱ्याने कप उचलला, डाव्या हाताने, कारण उजवा शाईचा होता.

मास्तरांनी त्या दिवशी एक गोष्ट स्वतःशी ठरवून टाकली. दोन अनोळखी माणसं एकमेकांकडे एकदा तरी बघतात. न बघायला ओळख लागते.

आता हे खरं की दवाखान्याची रीतच तशी होती. आतलं आत, असं म्हणत. खोलीत जे झालं, जे बोललं गेलं, ते दाराबाहेर आणायचं नाही, आणि रोगी व सोबतीण रस्त्यात समोरासमोर आले तरी ओळख दाखवायची नाही. साठ दिवस ज्याने तुमचं सगळं काढलं, तो बाजारात हसून ‘कसं काय’ म्हणाला तर माणसाने तोंड कुठे लपवायचं? रीत जुनी होती, शहाणी होती आणि गावात सगळ्यांना ठाऊक होती. मास्तरांनाही होती. ते एवढंच म्हणाले, मनातल्या मनात, की बरी रीत सापडली आहे.

दोन पँटी त्यांनी आठवड्यात दिल्या. तिसरी मुद्दाम ठेवून घेतली. “कापड नाजूक आहे, हाताने टीप घालायला हवी,” असं सांगितलं. तो माणूस पुन्हा येत राहावा आणि आपल्या डोळ्यांसमोर यावा, म्हणून.

पुढे म्हातारीच पडली. वरच्या फळीवरचं कापड काढायला स्टुलावर चढली आणि कात्रीसारखी मिटून खाली आली. खुब्याचं हाड मोडलं. दवाखान्यात बाकीच्या सोबतिणींच्या वर्षातल्या सहा फेऱ्या संपल्या होत्या. हिची एक उरली होती.

“मी नेते आईंना,” ती म्हणाली.

झोळी तळघराच्या पायऱ्यांपाशी आली तेव्हा सून तेलाचे डबे मोजत होती. मास्तर आईवर वाकले. लोकांना वाटलं, मुलगा आईला धीर देतो आहे.

“आई, डोळे उघडे ठेव. तिला बोलतं कर. तो छापखान्यातला माणूस आणि ती, काय होतं ते काढून घे. साठ दिवस आहेत तुझ्याकडे.”

“एवढ्या दिवसांत मी भिंतीला बोलतं करीन,” म्हातारी कण्हत म्हणाली. “तू जा आणि माझी उरलेली काजं पुरी कर.”

दहाला दार लागलं. मास्तर दुकानात परत गेले नाहीत. समोरच्या बाकावर बसून राहिले. अकराला त्यांना वाटलं, आता आठवडा झाला; बोलणं निघालं असेल. दोन वाजता वाटलं, महिना झाला; आई हुशार आहे, एव्हाना सगळं बाहेर पडलं असेल. एका दुपारीत त्यांनी ते साठ दिवस इतक्या वेळा बसून काढले की सहा वाजता तेच आजारी दिसत होते.

दार उघडलं. आधी हसू ऐकू आलं, दोन बायकांचं, मधेच तोडलेलं. मग म्हातारी काठी टेकत स्वतःच्या पायांनी वर आली. गालावर मांस चढलं होतं, केस नीट विंचरलेले. लेकाला बघून ती थबकली आणि तिने त्याच्या गालावरून हात फिरवला.

“अरे, तू तर तस्साच आहेस! सदराही तोच?”

“सकाळी घातलेलाच आहे, आई.”

“हो की,” म्हातारी म्हणाली आणि सुनेकडे बघून पुन्हा हसली. मास्तरांना ते हसू कळलं नाही. त्यांच्या घरात पहिल्यांदाच असं काहीतरी आलं होतं ज्याचं माप त्यांच्याकडे नव्हतं.

घरी ती मागे जेवणाचं बघायला गेली तसे मास्तर आईजवळ सरकले.

“काय कळलं?”

“आतलं आत.”

“आई! मी तुला पाठवलं कशाला?”

“खुबा सांधायला पाठवलंस ना? सांधला.” म्हातारीने सुईत दोरा ओवला. पूर्वी तीन वेळा चुकायची, आता एका खेपेत ओवला. “तिचं विचारू नकोस. माझं मी सांगते, त्याला मनाई नाही. पहिले दोन दिवस मी तिला वाट्टेल ते बोलले. दुखणं माझं आणि शिव्या तिला. तिसऱ्या दिवशी तिने मला उचलून बसवलं, पाठ धुतली, कपडे बदलले. चाळीस वर्षांत माझ्या पाठीला दुसऱ्या कुणाचा हात लागला नव्हता. मला रडू आलं. मग तू पायरीवर कानात जे सांगितलंस ना, ते मी तिला सांगून टाकलं.”

“सगळं?”

“शब्दन् शब्द. मला पोटात ठेवता आलं नाही.”

“मग ती काय म्हणाली?”

“ते तिचं. आतलं आत.”

पडद्यामागे भांड्यांचा आवाज रोजच्यासारखाच होता. मास्तर बसल्याबसल्या मोजू लागले. तिसऱ्या दिवशी कळलं, म्हणजे सत्तावन्न दिवस. त्यांना वाटत होतं की सकाळी आपण आईच्या कानात बोललो आणि अजून शब्दही निवलेला नाही. तिने मात्र तो सत्तावन्न दिवस उशाशी घेतला होता. आणि आता ती त्यांना विचारत होती, वाढू का. चेहऱ्यावर काही नाही. राग असता तर बरं झालं असतं. राग उसवता येतो. सत्तावन्न दिवस विचार करून एखादी बाई शांत दिसते तेव्हा तिने नक्की काय ठरवलेलं असतं, हे त्यांना त्या रात्री कुणाला विचारताही येईना. आईलाही नाही. आईच आता पलीकडे जाऊन बसली होती. दोघी अर्ध्या शब्दावर हसत, एकमेकींच्या हातातून न मागता वस्तू घेत. मास्तर दोघींवरही पाळत ठेवू लागले. बिचाऱ्यांचं काम दुप्पट झालं.

तेवढ्यात सहीची वेळ आली. सोबतिणीच्या कामाला दरवर्षी घरच्या जोडीदाराची सही लागे. ती जे आयुष्य खाली घालवणार त्यातलं काही त्याच्याही वाट्याचं असतं, असा दवाखान्याचा समज होता, आणि तो चुकीचा नव्हता. सही नसेल तर खालचं काम बंद. वर पट्ट्या गुंडाळत बसायचं. पाच वर्षं मास्तरांनी न वाचता सही केली होती. या वर्षी कागद शिवणयंत्रावर चार दिवस पडून होता. दुसऱ्या दिवशी मुदत संपणार होती.

“सही करायची तर करा,” ती म्हणाली. “नाही करायची तर तसं सांगा. हे मधे लटकवणं नको.”

“मी एक विचारतो. खरं सांगशील?”

“माझं विचारा. त्याचं नको.”

“तुझं आणि त्याचं मी वेगळं कसं काढू?”

“काढता येतं. तुम्ही टीप उसवता ना, कापड न फाडता.”

मास्तर बराच वेळ बॉबिनशी चाळा करत राहिले. मग म्हणाले, “तुला तो आवडला होता?”

तिने लगेच उत्तर दिलं नाही. खोटं बोलायचं असतं तर लगेच दिलं असतं, एवढं कुणालाही कळलं असतं.

“हो,” ती म्हणाली. “माणूस चांगला होता. पुढे तुमच्या आईही आवडल्या, पंधरा दिवसांनी. तिथे कुणी ना कुणी आवडायला लागतं, नाहीतर दार उघडेपर्यंत निभत नाही. मला खाली जायला आवडतं, हेही सांगून टाकते. तिथे एक माणूस असतं आणि त्याला बरं करायचं असतं. दिवस संपल्यावर ते बरं झालेलं असतं. इथे तसं काही होत नाही.”

एवढं लांब ती कधी बोलली नव्हती. मास्तरांनी त्यातलं पहिलं अक्षर तेवढं घेतलं, ‘हो’, आणि बाकीचं कापडाच्या कपट्यांसारखं खाली पडू दिलं.

दुसऱ्या दिवशी दुपारी जुळारी तिसरी पँट न्यायला आला. दुकानात ऊन आलं होतं. म्हातारी बटणांची पेटी मांडीवर घेऊन बसली होती. मास्तरांनी पँटची घडी केली, कागदात गुंडाळली आणि त्याच्या हातात देण्याऐवजी टेबलावर स्वतःपाशी ठेवली. शेजारी सहीचा कागद होता.

“अगं, जरा बाहेर ये.”

ती पदराला हात पुसत आली आणि पडद्यापाशी उभी राहिली.

“यांना ओळखतेस?”

जुळाऱ्याने पुन्हा जमीन शोधली. तिने नवऱ्याकडे पाहिलं, सरळ.

“मी विचारतोय. यांना तू ओळखतेस की नाही? साधा प्रश्न आहे. एक शब्द बोल आणि ही बघ, ही मी सही करतो.”

“अरे, काय चालवलं आहेस!” म्हातारी कडाडली. “तिची रीत आहे.”

“रीत मला ठाऊक आहे, आई. रीतीच्या आड काय आहे ते ठाऊक नाही.” मग ते जुळाऱ्याकडे वळले. “तुम्ही तरी सांगा. की तुम्हालाही शिकवून ठेवलंय?”

जुळाऱ्याचा चेहरा उतरला. त्याने मान वर केली ती प्रथम तिच्याकडे, परवानगी मागितल्यासारखी. ती त्याच्याकडे बघत नव्हती. मग तो बोलला, छापखान्यात अक्षरांचे खिळे उचलावेत तसा एकेक शब्द उचलत.

“मास्तर, त्या बोलणार नाहीत. पण खोलीतलं जे माझं आहे ते मी सांगू शकतो. मला वाटलं नव्हतं, कधी सांगावं लागेल.” तो टेबलाला धरून उभा होता. “पहिले वीस दिवस मी रडत होतो. माणसासारखा नाही. आई, आई म्हणून ओरडत होतो, या वयात. अंथरूण ओलं करत होतो आणि ते यांनीच केलं असं यांच्यावरच ओरडत होतो. एकदा ताट फेकून मारलं. भुवईजवळ खूण आहे बघा, ती माझी. यांनी रक्त पुसलं आणि दुसरं ताट वाढून आणलं. मी बाहेर यांच्याकडे बघत नाही ते लाजेने. तुमच्याकडे पँटी आखूड करायला टाकल्या तेव्हा हे यांचं घर आहे हेही मला माहीत नव्हतं. कळल्यावर मी दुसऱ्या दिवशी येऊन पँटी परत नेणार होतो, पण मग कारण काय सांगू?”

तो थांबला. दुकानात कुणीतरी कपडे काढून उभं राहावं आणि बाकीच्यांना कुठे बघावं ते कळू नये, तसं झालं.

मास्तरांनी बायकोच्या भुवईकडे पाहिलं. खूण होती. बारीक, पांढरी, टाक्यासारखी. बोटभर फरक हेरणाऱ्या त्या माणसाला ती आजवर दिसली नव्हती. त्यांच्या छातीतलं काहीतरी सैल झालं. खरंच झालं. म्हातारीनेही ते पाहिलं आणि तिने श्वास सोडला. मास्तरांनी पेन उचललं, कागद पुढे ओढला आणि नावाचं पहिलं अक्षर काढलं.

दुसरं अक्षर काढताना हात थांबला. त्यांची मान वर झाली नाही. स्वतःच्याही नकळत, माप घेताना आकडा पुटपुटावा तशा आवाजात, ते म्हणाले,

“आणि उरलेले चाळीस?”

म्हातारीच्या मांडीवरून पेटी सरकली. बटणं दुकानभर घरंगळत गेली आणि ती सगळी थांबेपर्यंत कुणी हललं नाही. जुळाऱ्याने डोळे मिटून घेतले होते. मास्तर कागदाकडे बघत होते, त्या एका अक्षराकडे, आणि त्यांना कळत होतं की शब्द निघून गेला आहे आणि हा शब्द काही तिसऱ्या खोलीत पडलेला नाही, तो बाहेर, सगळ्यांसमोर पडला आहे.

तिने कमरेची घराची किल्ली सोडवली आणि टेबलावर ठेवली. सासूपाशी वाकून तिचा हात क्षणभर हातात घेतला. मग पायांत चपला सरकवल्या, बटणांवर पाय पडणार नाही अशी जागा बघत बघत दुकानाच्या दारापर्यंत गेली, आणि रस्त्यावर उतरून चालू लागली.